कुलरच्या आवाजाआड: नागपुरात पहिल्या प्रेमाची छोटी फिल्म करायची तर

मे महिन्यात नागपुरातल्या घरात कुलर सुरू झाला की शेजारी बसलेल्या माणसाचं बोलणंही धड ऐकू येत नाही. आई स्वयंपाकघरातून तीनदा हाक मारते आणि चौथ्यांदा येऊन बटणच बंद करते. आमची पंचवीस मिनिटांची फिल्म एवढ्यातूनच सुचली. बारावीतल्या, एकमेकींच्या प्रेमात पडत चाललेल्या दोन मैत्रिणी, अभ्यासाची खोली, कुलर फुल स्पीडवर. त्या आवाजाआड दोघी काय बोलतात ते घरात कोणाला कळत नाही. आणि मग लाईन जाते.

अशी फिल्म करायची म्हटल्यावर पहिल्यांदा कॅमेरा आठवतो, पैसे आठवतात. आमची खरी अडचण वेगळीच होती. नागपुरात तुम्ही कुठेही उभे राहा, दहा मिनिटांत ओळखीचं कोणीतरी भेटतंच. गोष्टीतल्या पोरींना एकांत मिळत नाही, तसा तो शूटिंगच्या टीमलाही मिळत नाही, आणि फिल्म झाल्यावर त्यात काम केलेल्या मुलींनाही मिळत नाही. या लेखातला जवळजवळ प्रत्येक सल्ला याच एका अडचणीतून आलेला आहे.

आधी मैत्री लिहा

पहिला खर्डा लिहिताना घाई होते. दुसऱ्याच सीनमध्ये नजरानजर, तिसऱ्यात पाऊस. तसं करू नका. निदान पहिली सात-आठ पानं निव्वळ मैत्रीची लिहा: कोण कोणाला गाडीवर डबलसीट नेतं, पेट्रोलचे पैसे कोण देतं, रसायनशास्त्राच्या नोट्स कोणाच्या, बर्डीवर (सीताबर्डीच्या बाजारात) गेल्यावर पाणीपुरीचं शेवटचं सुकं कोणाला. ही देवाणघेवाण पक्की असली की पुढे तिच्यात झालेला बारीकसा बदलही प्रेक्षकाच्या लक्षात येतो. पेट्रोलचे पैसे रोज अर्धे-अर्धे मागणारी मुलगी एक दिवस मागत नाही. तेवढं पुरतं.

मुलामुलाची गोष्ट आणि मुलीमुलीची गोष्ट एका साच्यातली नसते, हेही लिहायला बसण्याआधी ठरवून घ्या. आपल्याकडे दोन मुली हातात हात घालून फिरल्या तर कोणी वळून बघत नाही. एकीच्या घरी दुसरी मुक्कामाला राहिली तर आई उलट खुश होते, अभ्यास होईल म्हणून. म्हणजे ‘मैत्रिणी आहेत’ या शब्दांत भरपूर जागा आहे. गोष्ट सुरू होते ती दोघींपैकी एकीला तो हात लपवावासा वाटू लागतो तिथे. इतरांच्या काहीच ध्यानात आलेलं नसतं, हिच्या मात्र आलेलं असतं. आमच्या दुसऱ्या खर्ड्यात हे सापडलं आणि निम्मे संवाद आपोआप गळून पडले.

कथेचं वर्ष ठरवा. हे काम पाच मिनिटांचं आहे, पण ते चुकलं तर सगळं विस्कटतं. जिओ सप्टेंबर २०१६ मध्ये आलं. त्याआधीच्या गोष्टीत पोरी रात्रभर व्हिडिओ कॉल करत नव्हत्या. नागपूर मेट्रो मार्च २०१९ मध्ये धावू लागली. टिकटॉकवर जून २०२० च्या अखेरीस बंदी आली. आणि मुख्य म्हणजे कायदा. ६ सप्टेंबर २०१८ ला सर्वोच्च न्यायालयाने प्रौढांचे संमतीचे समलिंगी संबंध कलम ३७७ च्या गुन्ह्यातून बाहेर काढले. १७ ऑक्टोबर २०२३ च्या निकालाने लग्नाचा हक्क मात्र दिला नाही. २०१७ मधली सतरा वर्षांची मुलगी गूगलवर जे वाचून घाबरेल, ते २०२४ मधली वाचणार नाही. तिची भीती निराळी असेल. आम्ही २०१९ चा उन्हाळा निवडला. निकाल ताजा, मेट्रो नवीकोरी, आणि घरी मात्र सगळं जिथल्या तिथे.

कुठल्या बोलीत

तुमच्या पोरी पुण्याची मराठी बोलल्या तर नागपूरच्या पहिल्याच प्रेक्षकाला हसू येईल. आपल्याकडे मुलीही एकमेकींना ‘काय बे’ म्हणतात. वाक्याचा निम्मा भाग हिंदी, निम्मा मराठी, आणि क्रियापद ‘करून राहिली’, ‘येऊन राहिली’. ‘मी तुझी वाट पाहतेय’ आणि ‘कवाची तुझी वाट पाहून राहिली बे’ ही दोन निरनिराळी माणसं आहेत. खेड्यातून शिकायला आलेली मुलगी ‘मले’, ‘तुले’, ‘काहून’ म्हणते आणि कोचिंग क्लासमध्ये ते गिळून टाकते. दोघींच्या जवळिकीचा आलेख फक्त यावर काढता येतो: सुरुवातीला ‘मला’ म्हणणारी मुलगी कितव्या सीनमध्ये मैत्रिणीसमोर ‘मले’ म्हणते?

संवाद लिहून झाले की मोठ्याने वाचा. मग कलाकारांना म्हणा, आता कागद ठेवा आणि हेच आपल्या तोंडाने सांगा. ते जे बोलतील ते रेकॉर्ड करून पुन्हा लिहून काढा. सबटायटल करणारा बाहेरचा असेल तर त्याच्याजवळ बसा, कारण आपल्याकडे कोथिंबिरीला सांबार म्हणतात आणि तो बिचारा इडलीसोबतचं सांबार लिहून मोकळा होईल.

राहिला प्रश्न स्वतःची ओळख सांगणाऱ्या शब्दांचा. समलिंगी, क्विअर (रूढ स्त्री-पुरुष चौकटीबाहेरच्या सगळ्यांसाठीचा शब्द), लेस्बियन यांतला एकही शब्द सतरा वर्षांच्या मुलीच्या तोंडी सहज बसेल असं नाही. बहुतेकींकडे त्यासाठी शब्दच नसतो, आणि जो कानावर पडलेला असतो तो शिवीच्या रूपात. आम्ही शब्द वापरलाच नाही. यावर आमच्यात भांडण झालं. टीममधल्या एका क्विअर मैत्रिणीचं म्हणणं होतं की शब्द टाळणं हीसुद्धा लाजच आहे. शेवटी एका सीनमध्ये मुलगी मोबाइलवर तो टाइप करते आणि खोडते, एवढं ठेवलं. तुमचं उत्तर वेगळं असेल, पण हा वाद कागदावर असतानाच होऊ द्या, शूटिंगच्या दिवशी नको. संहिता क्विअर समाजातल्या दोन-तीन प्रौढ व्यक्तींना वाचायला द्या आणि त्या वाचनाचं मानधनही द्या. नागपुरात सारथी ट्रस्ट या क्षेत्रात काम करते, तिथून सुरुवात करता येईल.

वय, आणि काय दाखवायचं नाही

पात्रं सतरा वर्षांची असली तरी कलाकार अठरा पूर्ण झालेलेच घ्या. जन्मतारखेचा पुरावा बघा, त्याची प्रत ठेवा. चेहऱ्याने लहान दिसणाऱ्या एकोणीस-वीस वर्षांच्या मुली कॉलेजच्या नाट्यगटांत भरपूर सापडतात.

तरीही शारीरिक जवळिकीचा सीन लिहू नका. पात्र अल्पवयीन आहे आणि पॉक्सो (मुलांना लैंगिक अत्याचारांपासून संरक्षण देणारा) कायदा, २०१२ मध्ये २०१९ च्या दुरुस्तीनंतर बालक असल्याचं भासवणाऱ्या चित्रणाचाही विचार होतो. पण कायदा बाजूला ठेवला तरी फिल्मला त्याची गरज नसते. आमच्या फिल्ममध्ये सगळ्यात जास्त काय असेल तर एकीच्या केसात अडकलेली दुसरीची हेअरपिन.

धाकट्या भावंडाची भूमिका असेल आणि ते मूल चौदाच्या आत असेल तर बालकामगार कायद्याचे नियम लागतात. जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी, दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम नाही, सलग तीन तासांनंतर विश्रांती, पाच मुलांमागे एक जबाबदार व्यक्ती आणि मानधनातला किमान वीस टक्के भाग मुलाच्या नावाने राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत. ‘घरचंच पोरगं आहे, चालतंय’ असं म्हणू नका. आम्ही म्हणणार होतो. मग सरळ भाऊच काढून टाकला आणि त्याच्या जागी फोनवर ओरडणारी आत्या आणली.

कलाकार आणि त्यांच्या घरचे

विद्यापीठाचा युवा महोत्सव, राज्य नाट्य स्पर्धेचं नागपूर केंद्र, एकांकिकांच्या तालमी: मुली इथे सापडतील. आई, आत्या, शेजारीण यांसाठी पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टी रंगभूमीवरच्या नट्यांचा विचार जरूर करा. रात्रभर माईकसमोर नाटक उभं करणारी ती माणसं आहेत, पहिल्या दिवशी आवाज मोठा लागतो, दुसऱ्या दिवशी अशी काही खाली येतात की बघत राहावं.

ऑडिशनच्या आधीच विषय सांगा. सगळा सांगा. ‘दोन मैत्रिणींची गोष्ट आहे’ एवढंच सांगून मुलीला बोलावणं आणि तिसऱ्या वाचनाला खरं कळणं ही फसवणूक आहे. आम्ही एकदा ती केली. निवड झालेली मुलगी आठवड्यानं रडत आली, कारण घरी काय सांगायचं हे तिलाच कळत नव्हतं. तिचं नाव आम्ही सगळीकडून काढलं आणि चार महिन्यांनी पुन्हा सुरुवात केली.

मुलगी अठरा वर्षांची असली तरी ती राहते घरीच. म्हणून तिची इच्छा असेल तरच आणि तिने सांगितलं तरच तिच्या घरी जा. चहा घ्या, संहिता वाचून दाखवा. करारपत्र मराठीत करा आणि त्यात तीन गोष्टी साध्या भाषेत लिहा: फिल्म कुठे कुठे दाखवली जाईल, पोस्टरवर चेहरा येईल का, आणि यूट्यूबवर टाकण्याआधी पुन्हा विचारलं जाईल का. तिसऱ्याचं उत्तर ‘हो’च असलं पाहिजे. महोत्सवात पन्नास अनोळखी माणसांनी बघणं वेगळं आणि धरमपेठेतल्या मामाच्या व्हॉट्सॲपवर क्लिप येणं वेगळं.

अभिनेत्री स्वतः क्विअर आहे का हे विचारायचं नाही. पत्रकाराने विचारलं तर उत्तर तुम्ही द्यायचं: आम्ही विचारलं नाही.

जागा आणि तारखा

फुटाळ्याचा काठ सगळ्यांना आधी सुचतो. संध्याकाळी तिथे एवढी गर्दी असते की एकांताचा सीन शूट करणं म्हणजे लग्नाच्या मांडवात अभ्यास करणं. पहाटे जा. मे महिन्यात साडेपाच-पावणेसहालाच सूर्य वर येतो, तेव्हा काठ बराच रिकामा असतो. ड्रोनचं नाव काढू नका. शेजारी वायुसेनानगर आहे, शहरात विमानतळ आहे, आणि ड्रोन नियम, २०२१ प्रमाणे लाल-पिवळ्या, म्हणजे निर्बंध असलेल्या, क्षेत्रात विनापरवाना उड्डाण म्हणजे थेट पोलीस ठाणं.

माझ्या मते त्याहून चांगल्या जागा चार. घराची गच्ची, उन्हाळ्याच्या रात्री, जिथे अजूनही काही घरांत खाटा टाकून झोपतात. कोचिंग क्लासची मागची गल्ली, जिथे शंभर गाड्या लागलेल्या असतात. रिकामा मेट्रोचा डबा, पण त्यासाठी महामेट्रोची लेखी परवानगी आणि शुल्क लागतं. आणि चौथी जागा, जी जागा नाहीच: स्कार्फ. नागपुरात उन्हासाठी मुली डोळे सोडून अख्खं तोंड बांधून गाडी चालवतात. बांधलेल्या तोंडाने दोघी शहरभर फिरू शकतात आणि कोणी काका ओळखत नाहीत. एवढा स्वस्त, एवढा नागपुरी आडोसा दुसरा नाही. आमच्या फिल्मचा एक पूर्ण सीन सिग्नलवर आहे, दोन जोडी डोळे आणि वर नव्वद मोजणारा टायमर.

परवानग्यांसाठी राज्याची एक खिडकी योजना आहे, ती चित्रनगरी महामंडळामार्फत चालते. शिवाय ज्याची जागा त्याचं पत्र वेगळं लागतं. कोणती बाग महापालिकेची, कोणती नासुप्रची (नागपूर सुधार प्रन्यासाची) हे आधी विचारा; महाराजबाग तर कृषी विद्यापीठाची आहे. अर्जात कथेचा सारांश मागतात. खोटं लिहू नका, पण सगळं उलगडूनही सांगू नका: ‘बारावीतल्या दोन मैत्रिणींच्या नात्याची कौटुंबिक लघुकथा’ हे अक्षरशः खरं आहे.

तारखा ठरवताना कॅलेंडर घेऊन बसा. डिसेंबरमध्ये विधिमंडळाचं हिवाळी अधिवेशन असलं की शहरात हॉटेलच्या खोल्या मिळत नाहीत, पोलीस बंदोबस्तात अडकलेले असतात आणि सिव्हिल लाइन्सचे रस्ते अडवलेले. दसऱ्याच्या आसपास दीक्षाभूमीवर लाखो लोक येतात, त्या दिवसांत त्या बाजूला कॅमेरा नेऊ नये. फेब्रुवारी-मार्चमध्ये बोर्डाच्या परीक्षा.

मारबतीचा मोह प्रत्येकाला होतो. तान्ह्या पोळ्याला काळ्या-पिवळ्या मारबतीच्या मोठ्या पुतळ्यांची मिरवणूक निघते, ‘ईडा पीडा घेऊन जा गे मारबत’ असा गजर होतो, आणि त्यातला ‘गे’ ऐकून आमच्या सहायक दिग्दर्शकाने उडीच मारली. शेवटचा सीन हाच, म्हणाला. मी नाही म्हटलं. जुन्या संबोधनावरचा श्लेष पंचवीस मिनिटांच्या हळू गोष्टीला पेलत नाही, आणि गर्दीतल्या हजार चेहऱ्यांची संमती कोण घेणार?

कॅमेरा, थोडक्यात

चांगला फोन किंवा साधा मिररलेस कॅमेरा पुरतो. आपल्याकडे वीज ५० हर्ट्झची, म्हणून सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५० सेकंद. २४ फ्रेमच हवे असतील तर शटर अँगल १७२.८ अंश ठेवा, नाहीतर ट्यूबलाइट लुकलुकते. एक्स्पोजर आणि व्हाइट बॅलन्स लॉक करा. दुपारच्या उन्हासाठी उजेड कमी करणारा एनडी फिल्टर घ्या. फोन ४५ अंशांत तापून बंद पडतो, त्याला सावलीत ठेवा, फ्रीजमध्ये मात्र नाही, लेन्सवर वाफ धरते.

मुंबईचा कॅमेरामन येत असेल तर त्याला सांगा की नागपूर मुंबईच्या बरंच पूर्वेला आहे, इथे सूर्य साधारण पंचवीस मिनिटं आधी मावळतो. डिसेंबरात साडेपाच वाजताच मऊ उजेड संपलेला असतो.

आवाज: पैसे इथे घाला

चित्र हलकं असलं तर चालून जातं, आवाज वाईट असेल तर प्रेक्षक उठून जातो. तुमच्याकडे भाड्यासाठी थोडेच पैसे असतील तर ते बूम माइक, कपड्यांना लावायचे दोन लेपल माइक आणि कानाच्या पक्क्या एका माणसावर खर्च करा.

आता कुलर. सीनमध्ये कुलर चालू दिसतो, पण संवादाच्या वेळी तो बंदच हवा. नाहीतर प्रत्येक कटला आवाजाची पातळी उडी मारते आणि दोन टेक एकमेकांना जोडता येत नाहीत. म्हणून पाती हळू फिरताना फक्त एका शॉटमध्ये दाखवा, मग बंद करून संवाद घ्या. कलाकारांना मात्र तो आवाज आहे असं समजून बोलायला लावा. हे कठीण आहे. शांत खोलीत माणूस आपोआप हळू बोलतो. आम्ही तालमीत दोन दिवस कुलर खरा चालू ठेवला, तेव्हा गळ्याला सवय झाली.

मग कुलरचाच आवाज वेगळा रेकॉर्ड करा: सुरू होताना, फुल स्पीडवर पाच मिनिटं, वाळ्याच्या ताट्यांवरून टपकणारं पाणी, आणि बंद होतानाचा तो लांबत जाणारा घरघराट. खोलीत सगळे श्वास धरून उभे असतानाचा एक मिनिटाचा शांत आवाजही घ्या, प्रत्येक जागेचा. एडिटला बसल्यावर हेच मिनिट तुम्हाला वाचवतं.

लाईन जाण्याच्या सीनसाठी आम्ही खरी शांतता शोधत होतो. ती मिळत नाही. कुलर थांबला की बाकीचा मोहल्ला ऐकू येतो: शेजारच्यांचं बातम्यांचं चॅनल इन्व्हर्टरवर चालू, अजनीकडून इंजिनाची शिटी, कुत्री. आधी आम्ही ते पुसायला बघत होतो. मग लक्षात आलं, मुलीला नेमकं हेच ऐकू यायला हवं. इतका वेळ तिला वाटत होतं की आपण दोघीच आहोत, आणि एका क्षणात सगळा मोहल्ला खोलीत येऊन बसतो. अर्धवट राहिलेलं तिचं वाक्य आम्ही तिथेच तोडलं.

दिवसाची आखणी आणि डबा

अनुभव नसेल तर दिवसाला चार पानांच्या वर घेऊ नका. पंचवीस पानांना सात दिवस, आठवा दिवस चुकांसाठी. उन्हाळ्यात बारा ते चार बाहेर काहीही ठेवायचं नाही. सकाळी तर्री पोहे ठीक, पण दुपारी झणझणीत सावजी जेवण मागवू नका, चार वाजता अख्खी टीम झोपते. रोज रात्री फुटेजच्या तीन प्रती करा, तीन वेगळ्या घरांत ठेवा.

सेटवर फोटो काढायला एकच माणूस. बाकी सगळ्यांचे फोन टोपलीत. एक पडद्यामागची स्टोरी कोणाच्या तरी चुलतभावापर्यंत गेली की करारपत्राला काही अर्थ राहत नाही.

गाणी आणि एडिट

रिक्षात वाजणारं हिंदी गाणंसुद्धा म्युझिक कंपनीच्या परवानगीशिवाय वापरता येत नाही. ‘तीस सेकंद चालतात’ ही अफवा आहे. शहरातल्याच एखाद्या मुलाकडून गाणं करून घ्या आणि हक्कांचा कागद करा.

पहिल्या कटमध्ये आमची फिल्म चाळीस मिनिटांची होती. कापताना प्रेमाचे सीन आधी कापा, मैत्रीचे नंतर. उलटं वाटेल, पण करून बघा.

कागदपत्रं आणि महोत्सव

भारतात सार्वजनिक प्रदर्शनासाठी, लघुपटालाही, १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्याप्रमाणे प्रमाणपत्र लागतं. २०२३ च्या दुरुस्तीनंतर यूए या (पालकांच्या मार्गदर्शनाने बघायच्या) वर्गाचे ७+, १३+ आणि १६+ असे तीन भाग झाले आहेत. अर्ज ऑनलाइन होतो. विषय क्विअर आहे एवढ्यावरून ‘ए’च (फक्त प्रौढांसाठी) मिळेल असं धरून चालू नका, दृश्यं, भाषा, सिगारेट हेही बघितलं जातं. धूम्रपान दाखवलं तर इशारा टाकावा लागतो, म्हणून पात्राच्या हातातली सिगारेट लिहितानाच काढा. महोत्सवांना प्रमाणपत्रातून सूट मिळू शकते, तिची व्यवस्था आयोजक करतात.

यूट्यूबवर टाकण्याची घाई नको. एकदा सगळ्यांसाठी खुली झालेली फिल्म अनेक महोत्सव घेत नाहीत. मुंबईचा कशिश हा क्विअर चित्रपटांचा महोत्सव २०१० पासून चालतो, धरमशाळेचा महोत्सव स्वतंत्र चित्रपटांकडे लक्ष देतो, पुण्याचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, पिफ, आहेच. मराठीला आता या विषयावर परकं वाटायचं कारण नाही: जानेवारी २०२५ मध्ये रोहन कानवडे यांच्या ‘साबर बोंडं’ला अमेरिकेतल्या सनडान्स महोत्सवात जागतिक कथाचित्र विभागाचं सर्वोच्च ज्युरी पारितोषिक मिळालं. गावात, नात्यागोत्यात, दहा दिवसांच्या सुतकात घडणारी ती गोष्ट आहे. आपल्या बोलीत, आपल्या अंगणात राहूनच ती तिथवर गेली.

पहिला खेळ

पहिला खेळ देशपांडे सभागृहासारख्या मोठ्या ठिकाणी ठेवू नका. चाळीस खुर्च्यांची खोली, नावनिशी बोलावलेली माणसं, आणि त्याआधी एक वेगळा खेळ फक्त कलाकार आणि त्यांनी निवडलेल्या घरच्यांसाठी. बोलावण्याच्या मेसेजमध्ये विषय स्पष्ट लिहा. खेळानंतर बोलणारी एक समुपदेशक असू द्या, आणि दारावर टेलिमानस या मानसिक आरोग्याच्या सरकारी हेल्पलाइनचा १४४१६ हा क्रमांक चिकटवा. फिल्म बघून कोणीतरी घरी जाऊन एकटं बसणार असतं. प्रश्नोत्तरांत ‘हे दाखवून मुलं बिघडणार नाहीत का’ हा प्रश्न येतोच. त्याला उत्तर द्यायला दिग्दर्शकापेक्षा एखादी आई बरी.

आमचा घरच्यांचा खेळ मे महिन्यातच झाला, रामदासपेठेतल्या एका मैत्रिणीच्या हॉलमध्ये, चादरीचा पडदा लावून. हॉलमधला कुलर मी आधीच बंद केला होता, त्यामुळे सगळे घामाने भिजलेले. पडद्यावर लाईन गेली, घरघर थांबली, अंधार झाला. मागच्या रांगेतून मुख्य अभिनेत्रीची आई पदराने वारा घेत उठली आणि मीटरचा बोर्ड बघायला दाराकडे निघाली. तिच्या मुलीने हात धरून तिला खाली बसवलं.